‘कॉक्कस’ हें शास्त्रीय नांव व आपले शब्दार्थ

(१)

जुने कागद व पोथ्या छापतांना शेवटीं कठिण शब्दांचे अर्थ जोडण्याची चाल आपल्याकडे रूढ आहे, आणि ती अत्यंत उपयुक्तहि आहे. परंतु मूळ पाठ जितक्या कसोशीनें तपासला जातो, तितक्या कसोशीनें हे अर्थ तपासले जात नाहींत. पाठांतील एक काना चुकला तर चार विद्वान् संपादकावर तुटून पडतात. अर्थांतील चूक मात्र एका ग्रंथांतून दुसऱ्या ग्रंथांत निमूटपणें उतरत जाते. त्यांतून अर्थापुढें एकादें लॅटिन शास्त्रीय नांव असलें म्हणजे तर बोलावयासच नको. शास्त्राचा शिक्का बसला, आतां शंका कसली, असें समजून वाचक पुढें जातो.

अशा एका नांवाचें परीक्षण करावें, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतु आहे. तें नांव ‘कॉक्कस’ हें होय. लाखेचा किडा म्हणजे ‘कॉक्कस लाक्का’, किरमिजाचा किडा म्हणजे ‘कॉक्कस इलिसिस’, अमेरिकेंतील कोचिनील म्हणजे ‘कॉक्कस कॅक्टाय’, असे अर्थ जुन्या कोशांतून आलेले आहेत. आणि इंद्रगोपासहि याच मंडळींत नेऊन बसविलें आहे. चार वस्तु, चार देश, चार काळ, आणि नांव एकच. मग वाचकानें या चारी वस्तु एकच समजल्या तर त्याचा दोष काय?

यापासून इतिहासाची हानि दोन प्रकारें होते. एकाद्या प्राचीन संस्कृत ग्रंथांतील शब्दाचा अर्थ ‘कोचिनील’ असा दिला म्हणजे कोलंबसापूर्वींच्या हिंदुस्थानांत अमेरिकेंतील किडा येऊन पडतो. ही एक हानि. दुसरी याहून वाईट. समजा, बहामनी अमदानीचा म्हणून एक कागद पुढें आला व त्यांत ‘किरमिजी’ हा शब्द आहे. अर्थकोश उघडणारा चिकित्सक म्हणेल, किरमिजी म्हणजे कोचिनीलचा रंग, कोचिनील तर सोळाव्या शतकांत मेक्सिकोंतून बाहेर पडला, सबब कागद बनावट! चुकीच्या अर्थानें खोटा कागद खरा ठरणें वाईट. पण खरा कागद खोटा ठरून रद्दींत जाणें याला तर उपायच नाहीं.

(२)

प्रथम नांवाचा मूळ अर्थ पाहूं. ‘कोक्कोस’ हा ग्रीक शब्द असून त्याचा अर्थ दाणा किंवा बीं असा आहे. भूमध्यसमुद्राच्या कांठीं ओक जातीचें एक खुजें, कांटेरी पानांचें झाड होतें. त्याच्या फांद्यांस वाटाण्याएवढे तांबूस गोळे चिकटलेले असतात. ते खुडून, वाळवून त्यांपासून उत्तम तांबडा रंग करीत. ग्रीक वनस्पतिवेत्ता थिओफ्रास्टस यानें या झाडास येणाऱ्या तांबड्या दाण्याचा उल्लेख केला आहे. रोमन लोकांनीं तोच शब्द ‘कॉक्कम’ या रूपानें घेतला. त्या झाडाच्या आजच्या शास्त्रीय नांवांतहि ‘कॉक्कसधारी’ अशा अर्थाचें विशेषण आहे. वस्तुतः तो दाणा नव्हे. झाडाचा रस शोषून एके जागीं बसलेली ती किड्याची मादी होय. तिला पंख नाहींत आणि प्रौढपणीं ती जागची हलत नाहीं. तेव्हां पाहणारास ती झाडाचें फळ वाटली यांत नवल नाहीं.

पौर्वात्यांनीं मात्र या वस्तूंत किडा पाहिला. फारसींत किड्यास ‘किर्म’ म्हणतात. हा शब्द आपल्या ‘कृमि’ शब्दाचा सख्खा भाऊ आहे. अरबी-फारसी ‘किर्मिझ’ त्याच घराण्यांतला, आणि आपला ‘किरमीज’ त्याच वाटेनें आलेला. लॅटिनमध्येंहि पुढें ‘लहानसा किडा’ अशा अर्थाचा ‘व्हर्मिक्युलस’ हा शब्द या रंगद्रव्यास लागला. मौज अशी कीं, याच शब्दापासून झालेला ‘व्हर्मिलियन’ हा शब्द युरोपांत शेवटीं हिंगुळाकडे गेला! हिंगूळ हा पारा व गंधक यांचा खनिज पदार्थ. किड्याशीं त्याचा कांहींएक संबंध नाहीं. नांवाच्या पोटांत कृमि आहे, वस्तूंत नाहीं. केवळ व्युत्पत्तीवरून वस्तु ठरवूं पाहणारांनीं हें उदाहरण ध्यानांत ठेवण्यासारखें आहे.

कोचिनीलच्या बाबतींतहि दाणा कीं किडा हा वाद युरोपांत दीर्घकाळ चालला. लेव्हेनहूक यानें सूक्ष्मदर्शकांतून पाहून तो किडा असल्याचें सांगितलें, तरी शंका फिटली नाहीं. शेवटीं रुस्खर नांवाच्या एका डच गृहस्थानें पैजेच्या निमित्तानें मेक्सिकोंतील ओआहाका प्रांतांतून, हे किडे पाळणाऱ्या लोकांच्या शपथेवरील जबान्या आणविल्या आणि त्या १७२९ मध्यें आम्स्टरडॅम येथें छापून काढल्या. सृष्टिशास्त्रांतील वादाचा निकाल दस्तऐवजी पुराव्यानें लागला, ही गोष्ट आमच्या वाचकांस खचित आवडेल.

(३)

आतां शास्त्रीय नांवाकडे वळूं. स्वीडिश पंडित लिनीयस यानें १७५८ सालीं प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथाच्या दहाव्या आवृत्तींत प्राण्यांस दुहेरी नांवें देण्याची पद्धति लागू केली. पहिलें नांव वंशाचें, दुसरें जातीचें. झाडास चिकटून राहणारे, खवल्यासारखे दिसणारे अनेक किडे त्यानें ‘कॉक्कस’ या एका वंशांत घातले. त्यांत रंग देणारे होते, तसे न देणारेहि होते. त्या काळच्या ज्ञानाप्रमाणें ही एक मोठी पेटी होती, आणि ज्याचा ठाव लागत नाहीं तें सर्व तींत टाकलें जात असे.

पुढें जसजसें ज्ञान वाढलें तसतशी पेटी रिकामी होत गेली. एकेका जातीस निराळा वंश मिळाला. आज या सर्व किड्यांच्या महाकुलांत सुमारे आठ हजार जाति मोजल्या जातात; आपल्या बागांतील पिठ्या ढेकूण त्यांतलाच. आणि ‘कॉक्कस’ हें मूळ नांव शेवटीं कोणाकडे राहिलें? तर लिंबू-संत्र्याच्या झाडांस उपद्रव देणाऱ्या एका मऊ, तपकिरी किड्याकडे व त्याच्या भाऊबंदांकडे. कॉफीच्या झाडावरील हिरवा खवलेकिडा हाहि आज ‘कॉक्कस’च. यांतील एकहि रंगाच्या कामाचा नाहीं. ज्या शब्दाचा दोन हजार वर्षें ‘तांबड्या रंगाचा दाणा’ हाच लौकिक होता, तो शब्द शास्त्रांत आज रंग न देणाऱ्या किड्यांचा वाचक झाला आहे.

जातिनांवांचीहि हीच गत. ‘कॉक्कस इलिसिस’ या नांवाचा किडा आज केर्मेस वंशांत मोडतो; परंतु किरमिजी रंगाचा खरा किडा तो नसून ‘केर्मेस व्हर्मिलिओ’ हा होय, व हें नांव प्लांशों यानें १८६४ मध्यें दिलें. ‘कॉक्कस कॅक्टाय’ची कथा तर याहून चमत्कारिक आहे. कोचिनील म्हणून लिनीयसनें हें नांव घातलें. पण विसाव्या शतकांत मूळ नमुना व वर्णन यांची तपासणी झाली तेव्हां तो किडा कोचिनील नव्हेच असें ठरलें. तें जातिनांव आतां प्रोटॉर्टोनिया या दुसऱ्याच वंशांत गेलें आहे. खऱ्या कोचिनीलचें मान्य नांव ‘डॅक्टिलोपियस कॉक्कस’ असें आहे. म्हणजे ‘कॉक्कस’ हा शब्द तेथें उरला तो वंशाच्या जागीं नव्हे, जातीच्या जागीं.

यावरून एक गोष्ट उघड होते. शास्त्रीय नांव हा वस्तूचा अर्थ नव्हे. एका विवक्षित नमुन्यास बांधलेली ती चिठ्ठी आहे. तिला कर्ता आहे, तिला साल आहे, आणि तिची मालकी बदलूं शकते. कागदावरील शिक्का पाहून आपण तो कोणाचा व कोणत्या सालचा हें प्रथम विचारतों. लॅटिन नांव पाहूनहि तोच प्रश्न विचारला पाहिजे.

(४)

आमच्या दृष्टीनें सर्वांत महत्त्वाचा किडा लाखेचा. त्याची आपल्याकडील प्राचीनता वादातीत आहे. अथर्ववेदाच्या पांचव्या कांडांत लाक्षेस उद्देशून एक सूक्त आहे. तींत पिंपळ, वड, खैर, पळस या झाडांशीं तिचा संबंध सांगितला आहे. अमरकोशांत लाक्षा, राक्षा, जतु, याव, अलक्त व द्रुमामय हे पर्याय आले आहेत. यांपैकीं ‘द्रुमामय’ म्हणजे झाडाचा रोग, हें नांव फार मार्मिक आहे. रोग म्हटला म्हणजे तो झाडाचें फळ नव्हे व केवळ चीकहि नव्हे, इतकें निरीक्षण त्यांत आलें. ‘कीटजा’ हा पर्याय तर स्पष्टच बोलतो. लक्षावधि किडे म्हणून लाक्षा, अशी एक व्युत्पत्ति सांगण्यांत येते. ती कानाला गोड लागते खरी. पण अमरानें दिलेल्या ‘राक्षा’ या रूपाची वाट तिनें लागत नाहीं, म्हणून ती आम्हांस ग्राह्य वाटत नाहीं.

परदेशीयांसहि ही वस्तु फार पूर्वींपासून ठाऊक होती. ‘पेरिप्लस’ या ग्रीक दर्यावर्दी ग्रंथांत, आरिआके प्रांतांतून तांबड्या समुद्रावरील बंदरांत जाणाऱ्या मालांत रंगाची लाख नमूद आहे. आरिआके म्हणजे नेमका किती मुलूख हा वाद असला तरी तो आपल्या पश्चिम किनाऱ्यालगतचाच. गोव्यास राहिलेल्या गार्सिया द ऑर्ता या पोर्तुगीज वैद्यानें १५६३ मध्यें गोव्यांतच छापलेल्या आपल्या ग्रंथांत लाखेवर एक स्वतंत्र संवाद घातला आहे. पंख असलेल्या मोठ्या मुंग्या मधमाश्यांप्रमाणें लाख तयार करतात, असें त्यानें लिहिलें. मुंग्यांचा हा समज पुढें दीर्घकाळ टिकला. खरा प्रकार असा कीं, किड्याच्या अंगांतून पाझरणाऱ्या गोड रसासाठीं मुंग्या तेथें जमतात. लाख त्यांची नव्हे.

पाटणा येथील जेम्स केर या गृहस्थानें लाखेच्या किड्याची हकीकत लिहिली. ती लंडनच्या रॉयल सोसायटीच्या १७८१ सालच्या खंडांत आली. ‘कॉक्कस लाक्का’ हें नांव तेथलें. १७९१ मध्यें रॉक्सबर्गनें त्याच किड्यास ‘केर्मेस’शीं जुळणाऱ्या ‘खेर्मेस’ या वंशनांवाखालीं वर्णिलें. पुढें ब्लांशार यानें पांडेचरीस लाखेविषयीं लिहून ठेवणाऱ्या टाशार नांवाच्या जेसुइट पाद्र्याच्या स्मरणार्थ ‘टाशार्डिया’ हा वंश १८८६ मध्यें काढला. हिंदुस्थानांतील लाखसंशोधनाच्या लेखांत तर ओकेन यानें १८१५ मध्यें योजलेलें ‘लॅक्सिफर’ हें नांव बराच काळ चाललें. परंतु ओकेनच्या त्या ग्रंथांतील नांवें ग्राह्य धरूं नयेत असा निर्णय आंतरराष्ट्रीय प्राणिनाम आयोगानें १९५६ मध्यें दिला. आतां मान्य असलेलें नांव ‘केरिया लाक्का’ हें आहे. यांतील केरिया हा वंश तार्ज्योनि-तोझेत्ति यानें १८८४ मध्यें केला आणि त्यांत पाटण्याच्या केरचें नांव राहिलें. बागांतून पिवळीं फुलें येणारें ‘केरिया’ नांवाचें एक झुडूप असतें. त्याचा केर हा निराळा, विल्यम नांवाचा माळी होता. वनस्पति व प्राणी यांच्या नांवांचे कायदे निरनिराळे असल्यामुळें एकच नांव दोहोंकडे नांदूं शकतें. नामसादृश्यावरून घोटाळा करणारांस ही आणखी एक खबरदारी.

सांगावयाचें तें हें कीं, चार पुस्तकांत लाखेच्या किड्याचीं चार लॅटिन नांवें दिसलीं तर किडे चार आहेत असें नव्हे. वस्तु एकच असून शिक्के बदलले आहेत. ‘कॉक्कस’च्या बाबतींत शिक्का एक व वस्तु अनेक, येथें वस्तु एक व शिक्के अनेक. दोन्ही प्रकार संपादकास सारखेच फसवितात.

व्यापारी शब्दांचीहि एक फसगत येथेंच नोंदून ठेवूं. लाखेचे ‘रंगीनी’ व ‘कुसुमी’ असे दोन भेद आहेत. रंगीनी मुख्यतः पळस व बोर यांवर वाढते. कुसुमी ही कोशिंबाच्या झाडावर, ज्यास कुसुम असेंहि म्हणतात. या ‘कुसुमी’चा करडईच्या फुलांपासून होणाऱ्या ‘कुसुंबी’ रंगाशीं संबंध नाहीं. जमाखर्चांत ‘कुसुमी’ शब्द आला तर आधीं जिन्नस कोणता, लाख कीं कापड, हें पाहून मग अर्थ करावा.

(५)

आतां ‘किरमीज’. या शब्दाचें मूळ संस्कृत ‘कृमिज’ आहे, असें मोठ्या अभिमानानें सांगण्यांत येतें. फारसी ‘किर्म’ व संस्कृत ‘कृमि’ एका मुळांतले, येथपर्यंत कोणाचाच वाद नाहीं. परंतु भाऊ असणें वेगळें आणि बाप असणें वेगळें. ‘कृमिज’ हा शब्द अमरकोशांत आहे, पण कोणत्या अर्थीं? तेथें तो अगुरूचा, म्हणजे सुगंधी अगर लांकडाचा, पर्याय म्हणून आला आहे! तेव्हां एकाद्या पोथींत ‘कृमिज’ दिसतांच ‘किरमिजी रंग’ असा अर्थ लिहिणारा संपादक धूपाच्या जिन्नसास रंगाऱ्याच्या घरीं नेऊन पोंचवील.

किड्यापासून झालेल्या रंगास आपल्याकडे निराळा शब्द होता, तो ‘कृमिराग’. जैनांच्या स्थानांगसूत्रांत लोभाचे प्रकार सांगतांना वस्त्रास लागणाऱ्या रंगांचे दृष्टांत आहेत. त्यांत हळदीचा रंग सर्वांत कच्चा आणि कृमिराग सर्वांत पक्का. जो लोभ जन्मभर सुटत नाहीं त्याला कृमिरागाची उपमा. हा कृमिराग लाखेचाच होता कीं बाहेरून येणाऱ्या दुसऱ्या किड्याचा, हें एवढ्या दृष्टांतावरून ठरविणें धाडसाचें होईल. अर्थ देतांना ‘किड्यापासून केलेला पक्का तांबडा रंग’ एवढेंच म्हणणें प्रामाणिकपणाचें.

फारसी-अरबी ग्रंथांतील ‘किर्मिझ’ हाहि नेहमीं ओकवरील किडा नसतो. आरारात पर्वताच्या पायथ्याशीं, खाऱ्या जमिनींतील गवताच्या मुळांवर राहणारा एक किडा आर्मेनियांत प्रसिद्ध होता. त्याचें नांव ‘पॉर्फिरोफोरा हॅमेलिइ’. नवव्या शतकांतील अरब इतिहासकार बलाधुरी यानें तेथील आर्ताशात या स्थळास ‘किर्मिझाचें गांव’ म्हटलें आहे. इराणच्या वाटेनें आलेल्या मालास ‘किर्मिझ’ म्हटलें असल्यास त्यांत हा किडा असण्याचा संभव ओकवरील किड्याइतकाच धरावा लागतो.

आणि मराठींत? मराठींत ‘किरमिजी’ हें बहुतेक रंगाचें विशेषण आहे, जिन्नसाचें नांव नव्हे. ‘किरमिजी बनात’ याचा अर्थ त्या छटेची बनात, एवढाच. सतराव्या शतकापासून युरोपांत कथिलाच्या क्षाराच्या साहाय्यानें कोचिनीलचा झगझगीत तांबडा रंग लोंकरीवर चढवूं लागले. तेव्हां विलायती तांबड्या बनातींत खरोखर कोचिनील असणें शक्य आहे. पण ती माहिती कापडाच्या इतिहासांतून येते, ‘किरमिजी’ या शब्दांतून येत नाहीं. एकाच यादींतील किरमिजी पागोटें लाखेचें, मंजिष्ठाचें किंवा कुसुंब्याचें असूं शकेल. रंगाचा शब्द रंगद्रव्याचा दाखला नव्हे.

(६)

सर्वांत ठळक चूक इंद्रगोपाची. मोनियर विल्यम्स यांच्या १८९९ च्या संस्कृत-इंग्रजी कोशांत इंद्रगोपाचा अर्थ कोचिनील किडा असा दिला आहे, व त्या कोशाच्या थोर प्रतिष्ठेमुळें तो अनेक भाषांतरांत शिरला. हा अर्थ कोणत्याहि कसोटीस टिकत नाहीं.

पहिली कसोटी देशाची. कोचिनील अमेरिकेंतला, निवडुंगावर राहणारा किडा. इंद्रगोप तर बृहदारण्यकोपनिषदांत पुरुषाच्या रूपाच्या उपमांत आला आहे. दुसरी कसोटी रूपाची. इंद्रगोपाचें सारें कौतुक त्याच्या तांबड्या अंगासाठीं. आणि जिवंत कोचिनील बाहेरून पांढरा, पीठ लावल्यासारखा दिसतो. चिरडल्यावांचून त्याचा रंग दिसतच नाहीं. तिसरी कसोटी वर्तनाची. विक्रमोर्वशीयाच्या चौथ्या अंकांत वेडा झालेला पुरूरवा, इंद्रगोप पसरलेल्या नव्या हिरवळीस उर्वशीचें हिरवें स्तनांशुक समजतो. ओठांच्या रंगानें तांबडे झालेले अश्रु त्यावर पडले आहेत असें त्यास वाटतें. हे पहिल्या पावसांत हिरवळीवर पसरणारे जीव आहेत. खवलेकिड्याची मादी एके जागीं रुतून बसते. ती पाऊस पडतांच गवतावर फिरावयास निघत नाहीं.

हा जीव कोणता हें कोशकारांनीं दक्खनच्या कोणाहि शेतकऱ्यास विचारलें असतें तर त्यानें सांगितलें असतें. तो आपला मृगाचा किडा. तांबड्या मखमलीचा, मृगाच्या पावसाबरोबर जमिनींतून वर येणारा. उत्तरेंत त्याला बीरबहुटी म्हणतात. प्रौढपणीं त्याला आठ पाय असतात. म्हणजे शास्त्राच्या भाषेंत तो कीटकहि नव्हे, कोळी-गोचिडांच्या वर्गांतला आहे. लीनहार्ट या विद्वानानें १९७८ मध्यें इंद्रगोप शब्दाच्या अर्थाची व उपयोगाची स्वतंत्र चिकित्सा करून हाच निर्णय दिला. आमचे वामन शिवराम आपटे यांनीं आपल्या कोशांत तांबड्या वा पांढऱ्या रंगाचा एक प्रकारचा किडा एवढेंच सांगून पाश्चात्य नांव जोडण्याचा मोह टाळला, ही गोष्ट येथें आदरानें नमूद केली पाहिजे. अर्धवट कळलेल्या ठिकाणीं थांबणें हेंहि कोशकाराचें पांडित्यच होय.

(७)

केवळ नांवावर विश्वास ठेवल्यानें कोशकारच फसले असें नाहीं. कंपनी सरकारहि फसलें. १७८६ पासून मद्रासचे डॉक्टर जेम्स अँडरसन यांनीं सर जोसेफ बँक्स यांस पत्रें लिहून, मद्रासेस गवतावर सांपडलेल्या एका ‘कॉक्कस’ किड्यापासून कोचिनीलसारखा रंग मिळेल अशी आशा व्यक्त केली. ती फळास आली नाहीं. तरी निवडुंगाच्या बागा लावण्यांत आल्या. १७९५ मध्यें कॅप्टन नीलसन यानें ब्राझीलहून जिवंत किडे आणले. तेहि खरे कोचिनील ठरले नाहींत. ती एक रानटी जात होती, आज तिला ‘डॅक्टिलोपियस सिलोनिकस’ म्हणतात. तिनें रंग बेताचा दिला, मात्र एका जातीच्या निवडुंगाचा फन्ना उडविला. पुढें १९२६ मध्यें याच वंशांतली दुसरी जात, फड्या निवडुंग मारण्यासाठीं, सिंहलद्वीपांतून दक्षिण हिंदुस्थानांत मुद्दाम आणण्यांत आली. तेव्हां निवडुंगावर कापसासारखें पांढरें दिसलें व तें चिरडतां बोट लाल झालें, तर तो किडा विदेशी आहे हें विसरूं नये. तेवढ्यावरून पूर्वजांस कोचिनील ठाऊक होता असें अनुमान काढणें व्यर्थ होय.

(८)

आतां संग्राहकांच्या नित्याच्या कामाचें थोडें. पोथ्यांतील तांबडीं दंडचिन्हें, पुष्पिका व समासाच्या रेघा पाहून ‘किरमिजी शाई’ असें वर्णन सूचींत देण्याची संवय टाकून द्यावी. तो रंग बहुधा हिंगुळाचा असतो. कधीं शेंदुराचा, कधीं गेरूचा, व कधीं अळित्याचा, म्हणजे लाखेच्या रंगाचा. हिंगुळांत पारा व शेंदुरांत शिसें असतें. पानास धक्का न लावतां क्षकिरणांच्या यंत्रानें तें ओळखतां येतें. कापडाच्या बाबतींत एक लहानसा धागा पुरतो. लाखेंत लॅक्कॅइक, ओकवरील किरमिजांत केर्मेसिक, आणि कोचिनील व आर्मेनियाचा किडा यांत कार्मिनिक आम्ल मुख्यत्वें असतें. शेवटचे दोन एकमेकांपासून वेगळे करणें नाजूक काम आहे. पण लाख व कोचिनील यांचा घोटाळा प्रयोगशाळेंत राहूं शकत नाहीं. जें प्रयोगशाळेंत स्पष्ट आहे तें आपल्या सूचींत अस्पष्ट कां रहावें?

या सर्व विवेचनावरून संपादकांपुढें आम्ही चार सूचना ठेवतों. नुसतें ‘कॉक्कस’ हें नांव कोणत्याहि अर्थापुढें लिहूं नये. जुन्या कोशांतून लॅटिन नांव घ्यावयाचेंच असेल तर त्याचा कर्ता व साल पाहून, आजचें मान्य नांव शेजारीं द्यावें. रंगाचा शब्द व रंगद्रव्याचा शब्द यांत भेद करावा. मूळ कागद द्रव्य सांगत नसेल तर अर्थकारानें तें आपल्या पदरचें घालूं नये. आणि कोणत्याहि कागदाच्या खरेखोटेपणाचा निर्णय केवळ अशा एका शब्दार्थावर कधींहि देऊं नये.

शेवटीं एका मराठी शब्दाकडे लक्ष वेधून हा लेख पुरा करतों. तो ‘लाखोटा’. लाखेनें बंद केलेलें म्हणून लाखोटा. मोहोरेची लाख तांबडी दिसते ती बहुधा हिंगुळासारख्या खनिज रंगाच्या मिसळीमुळें. किड्याचा स्वतःचा रंग धुवून निघालेला असतो, उरते ती राळ. म्हणजे ज्या कागदांचा आपण अर्थ लावतों त्यांचीं तोंडें या किड्यानेंच बंद केलीं होतीं. त्याला ‘कॉक्कस’ म्हणा, ‘टाशार्डिया’ म्हणा कीं ‘केरिया’ म्हणा; परंतु कोण बोलतो आहे व केव्हां बोलतो आहे हें पाहूनच म्हणा.

ज्या संग्राहकांच्या दप्तरांत लाख, किरमीज, अळिता किंवा हिंगूळ यांच्या खरेदीचे, दराचे अथवा रंगाऱ्यांस दिलेल्या मजुरीचे उल्लेख असतील, त्यांनीं मूळ ओळी तिथिवारासह जशाच्या तशा उतरून प्रसिद्ध कराव्या, अशी आमची विनंति आहे. अर्थ मागाहून लागेल. पाठ मात्र आधीं हातीं आला पाहिजे.